मेहरी खानमचं घर

मार्च संपत आला की आमच्या अपार्टमेंट कॉम्प्लेक्समध्ये मल्चचा ट्रक येतो. लाकडाचा काळपट, ओलसर भुसा झाडांच्या बुंध्यांशी पसरतात आणि त्याचा आंबूस वास पुढचे काही दिवस जिन्यात, गाडीत, अंगातल्या स्वेटरात मुक्कामाला येतो. अमेरिकेतल्या या पिस्कॅटवेत वसंत असा आधी नाकाला कळतो. डोळ्यांना दिसायला अजून काहीच नसतं. पार्किंगच्या कोपऱ्यात साठवलेला बर्फ काळा पडून पाझरत असतो, मेपलच्या फांद्या उघड्याच असतात. मग एखाद्या सकाळी कुंपणालगतची फोर्सिथियाची झुडपं पिवळी होऊन बसलेली दिसतात.

यंदाही ट्रक आला. मी खिडकी उघडली, वास आत आला, आणि माझे खांदे दुखायला लागले. मायक्रोफोनची लांब दांडी डोक्यावर धरून तासभर उभं राहिल्यावर दुखतात, अगदी तसे. अंगाची आठवण मनाच्या आठवणीपेक्षा लबाड असते. ती न विचारता येते.

साल दोन हजार चार. मला या देशात येऊन वर्षही झालं नव्हतं. नवरा, मिलिंद, पुण्याच्या कंपनीकडून इथं आला होता आणि त्याच्या मागोमाग मी. माझ्या व्हिसावर नोकरी करता येत नसे. पुण्यात मी एका ध्वनिमुद्रणाच्या स्टुडिओत काम करायचे. जाहिराती, बालगीतं, कीर्तनं, लग्नाच्या व्हिडिओंना लावायची सनई, काय येईल ते. दिवसभर कानांवर हेडफोन. इथं आल्यावर कानांना कामच उरलं नाही. मिलिंद ऑफिसला गेला की फ्रिज सुरू व्हायचा, थांबायचा, पुन्हा सुरू व्हायचा. त्याची गुणगुण काळी दोनच्या आसपास आहे, हेसुद्धा मी पेटी नसताना ठरवून टाकलं होतं.

नाहीद मला तळघरातल्या लाँड्री रूममध्ये भेटली. मी कपड्यांची टोपली घेऊन गेले, तर चाळिशीची एक बाई ड्रायरसमोर उकिडवी बसली होती. कुरळे, अर्धे पिकलेले केस, पुरुषी कोट, आणि हातात केसाळ टोपडं घातलेला मायक्रोफोन. दुसऱ्या कुणाला तिनं मांजर धरलंय असं वाटलं असतं. मला माहेरचं माणूस दिसल्यासारखं झालं.

"ट्यूबलाइट बंद करा," मी म्हटलं. "तिची गुणगुण येतेय तुमच्या रेकॉर्डिंगमध्ये."

तिनं मान वळवून माझ्याकडे पाहिलं. मग उठली, दिवा मालवला, हेडफोन पुन्हा कानाला लावला आणि अंधारातूनच हसून म्हणाली, "तू कुठे होतीस इतके दिवस?"

आम्ही इंग्रजीतच बोलायचो. दोघींचं इंग्रजी आपापल्या गावाकडून आलेलं. पण आज आठवताना ती माझ्याशी मराठीतच बोलत होती असं वाटतं, आणि ते दुरुस्त करावंसं वाटत नाही.

नाहीद इराणमध्ये जन्मली, आग्नेयेकडच्या बाम नावाच्या गावात. वाळवंटाच्या कडेला खजुराच्या बागा, मातीच्या विटांची घरं, आणि गावाच्या डोक्यावर मातीचाच एक अतिप्राचीन किल्ला. क्रांतीनंतर युद्ध सुरू झालं, तेव्हा वडिलांनी तिला मामाबरोबर बाहेर काढलं. तुर्कस्तान, मग जर्मनी, मग अमेरिका. आई-वडील मागेच राहिले. शाळकरी मुलगी म्हणून निघाली ती पुन्हा गेलीच नाही. कधी भीतीनं, कधी कागदपत्रांमुळे, आणि पुढे पुढे, ती स्वतः म्हणायची, नुसतीच सवय झाली म्हणून. आता ती इथली नागरिक होती, विद्यापीठात फिल्म शिकवायची आणि स्वतःच्या छोट्या छोट्या फिल्म करायची.

तिची पहिली फिल्म कॉलेजातली. इथल्या शाळांमध्ये हजेरी घेताना मास्तर-बाई परदेशी मुलांची नावं कशी उच्चारतात, एवढाच विषय. नाहीदची नादीन होते, मग नॅडी होते, आणि शेवटी ती स्वतःच हात वर करून "नॅडी" म्हणते. दुसरी फिल्म तिनं दोन हजार एकमध्ये केली. लांब पल्ल्याचे कॉल करायची कार्डं घेऊन लोक घरी फोन करतात, तेव्हा त्यांचे ऐकतानाचे चेहरे. पलीकडचा आवाज फिल्ममध्ये नाहीच. माणूस ऐकतोय, हसतोय, ओठ चावतोय, "हो, हो" म्हणतोय. त्या सप्टेंबरात न्यूयॉर्कमध्ये जे झालं त्यानंतर तिच्या फिल्ममधल्या काही लोकांनी सांगितलं, आमचे चेहरे काढून टाक. तिनं काढले. त्यांच्या जागी रिकाम्या खुर्च्या ठेवल्या आणि त्यांचा श्वास तेवढा राहू दिला. मला तिनं ती फिल्म दाखवली तेव्हा त्या खुर्च्यांपाशी मला माझीच खुर्ची आठवली. मीही दर रविवारी लातूरला माहेरी फोन लावून तशीच बसायचे.

"आता काय करतेस?" मी विचारलं.

"आईवर करतेय," ती म्हणाली.

तिच्या आईला मी भेटले ती जिऱ्यामुळे. दुपारी वरणाला फोडणी दिली, जिरं तडतडलं, वास जिन्यात गेला असणार. दारावर थाप पडली. उघडलं तर समोर एक ताठ, गोरी म्हातारी. डोक्याला फुलाफुलांचा रुमाल, कोटाची बटणं एक सोडून एक लागलेली, पायात मोजे, चपला नाहीत. तिनं मला बाजूला सारलं, थेट स्वयंपाकघरात गेली आणि कढल्यावर वाकून डोळे मिटले. बामच्या प्रांताचं जिरं नावाजलेलं आहे, हे मला मागाहून कळलं. थोड्याच वेळात नाहीद धापा टाकत आली. "सॉरी, सॉरी. दार उघडं राहिलं. ही माझी आई, मेहरी खानम. तिला हल्ली… तिला हल्ली काळ सापडत नाही."

काळ सापडत नाही. विसरते असं ती म्हणाली नाही. मला ते फार आवडलं.

मेहरी खानम बाममध्ये मुलींच्या शाळेत भूगोल शिकवायच्या. नवरा गेल्यावर, निवृत्तीनंतर, मुलीकडे आल्या होत्या. आल्या तेव्हा इंग्रजी शिकल्याही होत्या, पण आता ते शेवटी आलेलं आधी निघून गेलं होतं. बोलायच्या ते फारसी, आणि तेसुद्धा वर्गात बोलतात तसं, प्रत्येक अक्षर स्वच्छ. नाहीदला शिकवायला जावं लागे तेव्हा मी त्यांच्याजवळ बसू लागले. त्यांच्या बोलण्यातून ओळखीचे शब्द असे अचानक यायचे, जशी परक्या लग्नात गावातली मंडळी भेटावीत. बाजार, दरवाजा, गरम, खराब. फसगतही व्हायची. त्या "चश्म" म्हणाल्या की मी त्यांचा चष्मा शोधायला धावायचे. नाहीदनं सांगितलं तेव्हा कळलं, त्या नुसतं "बरं बाई" म्हणत असायच्या.

आणि दुपार कलली की त्या अस्वस्थ व्हायच्या. उठायच्या, रुमाल बांधायच्या, दाराशी जायच्या. "खानेह," म्हणायच्या. "खानेह, दोख्तरम." दोख्तरम म्हणजे माझी मुलगी, एवढं मला ठाऊक होतं. मी त्यांचा हात धरून टेबलाशी आणायचे आणि पुढ्यात ताटली ठेवायचे. वरणभात, थालीपीठ, केळ्याचं शिकरण. त्या ताटलीकडे बघायच्या, माझ्याकडे बघायच्या. कधी माझं मन राखायला चार घास खायच्या, कधी ताटली सरकवून पुन्हा दाराशी. "खानेह."

एक दिवस नाहीद लवकर आली आणि हे सगळं बघत दारातच उभी राहिली.

"खूप भूक लागते गं त्यांना," मी म्हटलं. "सारखं खाणं मागतात, आणि दिलं की खात नाहीत."

नाहीदनं खांद्यावरची पिशवी खाली ठेवली. मग हळूच म्हणाली, "वैशाली, ती खायला मागत नाहीये. खानेह म्हणजे घर. ती म्हणतेय, मला घरी जायचंय."

दवाखाना, कारखाना, छापखाना. जन्मभर तोंडात असलेला शब्द. मी त्याच्याकडे कधी नीट पाहिलंच नव्हतं. इतके दिवस ती बाई घर मागत होती आणि मी तिला शिकरण वाढत होते.

"मग चक्कर मारून आणूया त्यांना," मी काहीतरी बोलायचं म्हणून बोलले. "बाहेर फिरून परत आलं, की आलं घर."

"वैशाली-जान," नाहीद म्हणाली, "ते घर राहिलेलं नाही."

त्या हिवाळ्यात बामला भूकंप झाला होता. डिसेंबरच्या अखेरीस, पहाटे, सगळे झोपेत असताना. मी टीव्हीवर तो किल्ला पाहिला होता, पाण्यात विरघळलेल्या ढेपेसारखा. ते नाहीदचं गाव, हे तोवर जुळलं नव्हतं. त्यांची गल्ली, शाळा, आईच्या बहिणीचं कुटुंब, काही उरलं नव्हतं. नाहीदनं टीव्ही पलंगाखाली ढकलून दिला होता. मेहरी खानमना कुणी काही सांगितलं नव्हतं. आणि रोज दुपारी त्या तिथं जायला निघत होत्या.

मी लातूरची. किल्लारीचा भूकंप झाला तेव्हा कॉलेजात होते. आदल्या दिवशी गणपती बोळवलेले, पहाटे जमीन हलली. माझी आत्या तिकडच्याच एका गावात दिलेली. ती आणि तिचे यजमान उकडतंय म्हणून अंगणात झोपले होते, ते वाचले. बाकीच्यांवर दगडमातीच्या भिंती आल्या. पुढे सरकारनं नवं गाव वसवलं, घरं सरळ रेघेत, रस्ते रुंद. आत्याला नळ मिळाला, संडास मिळाला. तरी रोज उन्हं उतरली की ती जुन्या गावाकडे चालायला लागायची. बाभळी माजल्या होत्या तिथं. ती अंदाजानं उंबरा जिथं होता तिथं जाऊन बसायची. माझे वडील तिला म्हणाले, "अक्का, आता विसर. तिथं काही नाही." ती म्हणाली, "पडलंय ते माहीत आहे की मला. पडलंय तिथंच बसते."

हे मी नाहीदला सांगितलं. चहा निवून गेला होता. तिनं विचारलं, "म्हणजे तिला ठाऊक होतं, म्हणून ती बसू शकली?"

"असेल," मी म्हटलं. "ठाऊक नसतं तर नुसतीच शोधत राहिली असती."

त्या वर्षी आपला पाडवा आणि त्यांचं नवरोज लागोपाठ आलं. नवरोजसाठी नाहीदनं ताटलीत गहू भिजत घातले होते. कोवळे, पोपटी अंकुर बोटबोट उंच झाले होते आणि त्यांना लाल फीत बांधली होती. नवरात्रात घटाशी उगवतात तसेच. मी बाल्कनीत पडद्याच्या दांडीला खण बांधून गुढी उभारली. कडुलिंब कुठला मिळायला! इंडियन स्टोअरमधून आणलेला कढीपत्ता लावला. मेहरी खानमनी गुढीकडे पाहिलं आणि तांब्या उलटा का, असं खुणेनं विचारलं. मला सांगता आलं नाही. त्यांनी मान हलवली, गृहपाठ न केलेल्या मुलीकडे बघून हलवतात तशी.

नवरोजनंतर तेराव्या दिवशी घरात थांबायचं नाही, बाहेर वाहत्या पाण्याशी जायचं, ते अंकुर पाण्यात सोडायचे, अशी त्यांच्याकडची रीत. नाहीद म्हणाली, "त्या दिवशी सांगते तिला. नदीवर. तू आवाज घेशील ना?"

"आवाज घेईन. पण नाहीद, सांगताना कॅमेरा नको."

"ही फिल्म त्याचीच आहे."

"असू दे. त्यांना घर पडल्याचं कळेल तेव्हा समोर मुलगी पाहिजे. कॅमेऱ्यामागे लपलेली मुलगी नको."

ती चिडली. "तुला काय वाटतं, मी लपते? माझं सगळं आयुष्य मी याच्यातूनच बघू शकले. नाहीतर बघितलंच नसतं."

"मग एकदा तसंच बघ," मी म्हटलं.

आम्ही दोन दिवस बोललो नाही. तिसऱ्या दिवशी तिनं दारावर थाप मारली आणि मायक्रोफोनची दांडी माझ्या हातात दिली. कॅमेऱ्याचं काय, हे तीही बोलली नाही आणि मीही विचारलं नाही.

नदीकाठी अजून थंडी होती. हिवाळ्याचं साठलेलं पाणी गढूळ होऊन जोरात वाहत होतं. पलीकडे रेल्वेचा जुना कमानींचा पूल, अलीकडे ओलं गवत, बदकांची घाण, आणि फोर्सिथियाची पिवळी रेघ. आम्ही चादर अंथरली. नाहीदनं लेट्यूसची पानं आणि पुदिना-व्हिनेगर घातलेला साखरेचा पाक आणला होता. पान पाकात बुडवून खायचं. मेहरी खानम गवताच्या पात्यांना गाठी मारत बसल्या. गाठ मारताना इच्छा धरायची म्हणे. त्यांची बोटं एवढी सराईत होती, की ती काहीही विसरलेली नव्हती. नाहीद ती बोटं कॅमेऱ्यानं टिपत होती. मी दांडी धरून, हेडफोन लावून उभी. कानात नदी, गवताची कुरकुर आणि म्हातारीचा श्वास.

मग हेडफोनमध्ये बूट ऐकू आले. आमच्या मागे पोलिसाची गाडी थांबली होती. कुणीतरी फोन केला होता, की परदेशी लोक पुलाचं शूटिंग करताहेत.

अधिकारी तरुण होता, कोवळ्या मिश्यांचा, आणि अदबीनं बोलत होता. पण हात कमरेपाशी होता. त्यानं कॅमेरा बंद करायला सांगितला. नाहीदनं केला. ओळखपत्रं मागितली. माझ्या पासपोर्टचं पान तो उलटसुलट बघत राहिला. मिलिंदचा चेहरा, ग्रीन कार्डच्या वकिलाचं ऑफिस, सगळं माझ्या डोळ्यांपुढून गेलं. नाहीद टेप मागे नेऊन त्याला दाखवत होती, "हे बघा, गवत आहे. ही आईची बोटं." तिचा आवाज सरळ होता.

मेहरी खानम चादरीवरून उठल्या. लेट्यूसचं एक पान घेतलं, पाकात बुडवलं, थेंब गळू नये म्हणून खाली हात धरला आणि त्या पोराजवळ गेल्या. "बेफर्मायीद," म्हणाल्या. घ्या ना.

"नो, थँक यू, मॅम."

"बेफर्मायीद." जरा करड्या आवाजात.

त्यानं आमच्याकडे पाहिलं. आम्ही काय सांगणार! शेवटी त्यानं पान घेतलं आणि ते कुठं ठेवावं न कळून हातात धरूनच उभा राहिला. पाक त्याच्या मनगटावरून बाहीत उतरत होता. मेहरी खानम समोर उभ्या, तो खाईपर्यंत हलणार नाहीत अशा. त्यानं खाल्लं. मग आमची कागदपत्रं परत दिली, पुलाकडे कॅमेरा करू नका म्हणाला, आणि निघून गेला.

नाहीद चादरीवर बसली. कॅमेरा पिशवीत टाकून दिला आणि गुडघ्यांत डोकं घातलं.  मेहरी खानम तिच्या शेजारी बसल्या, तिच्या केसांतून हात फिरवायला लागल्या. आणि माझ्या कानात, अगदी जवळून, शांतपणे शब्द आले.

"खानेह खराब शोदे, ना?"

मला अर्थ कुणाला विचारावा लागला नाही. शेवटचा ना तर आपलाच, होकाराची वाट बघणारा. खानेह. खराब. ना?

नाहीदनं डोकं वर केलं. किती वेळ त्या दोघी एकमेकींकडे बघत होत्या कोण जाणे. मग नाहीद म्हणाली, "बले, मामान." हो, आई.

मेहरी खानमनी आणखी काहीतरी विचारलं. नाहीद हो म्हणाली, पुन्हा पुन्हा हो म्हणाली. नंतर तिनं मला सांगितलं, की त्यांनी खजुराच्या झाडांबद्दल विचारलं होतं. झाडं उभीच होती. घरं पडली तरी बागा उभ्या होत्या.

त्यांना कधीपासून माहीत होतं? त्या डिसेंबरात टीव्हीवर त्यांनी काही पाहिलं होतं? की मुलीचा चेहरा वाचला? की भूगोलाच्या बाईंना जमिनीचं कळतंच? आम्हाला कधी समजलं नाही. अंकुर त्यांनी स्वतःच्या हातानं नदीत सोडले. फीत सुटून मागे राहिली, ती मी उचलली.

त्यानंतर दुपारी त्या दाराशी जायच्या थांबल्या असं मात्र झालं नाही. जायच्या, पण थोडा वेळ उभ्या राहायच्या आणि आपणच परत येऊन बसायच्या.

मिलिंदला सांगितलं तेव्हा तो जेवता जेवता थांबला. "वैशाली, आपलं ग्रीन कार्डचं प्रोसेस चालू आहे यार. उद्या पोलिसांच्या रेकॉर्डवर नाव आलं तर? तू हे सगळं बंद कर, प्लीज."

मी उठले. रेकॉर्डर आणून हेडफोन त्याच्या कानाला लावला. पोलीस आल्यावर नाहीदनं कॅमेरा बंद केला होता. मला कुणी काही सांगितलं नव्हतं आणि माझा रेकॉर्डर चालूच राहिला होता. मिलिंदनं सगळं ऐकलं. बूट, प्रश्न, पान खाल्ल्याचा कुरकुर आवाज, नदी. मग ते शब्द. त्यानं हेडफोन काढून टेबलावर ठेवला.

"ही काय म्हणाली शेवटी?"

"तुला काय ऐकू आलं?"

"घर खराब झालं असं काहीतरी…" तो म्हणाला आणि ताटात हात तसाच ठेवून बसला. पुन्हा बंद कर म्हणून कधी म्हणाला नाही. पुढच्या शनिवारी नाहीदचे जड स्टँड त्यानं आपल्या गाडीतून नेऊन दिले.

मेहरी खानम त्याच वर्षी पानं गळायच्या दिवसांत गेल्या. झोपेत, सकाळी. नाहीदला फिल्म पुरी करायला आणखी वर्ष लागलं. त्या मधल्या काळात एका टीव्ही चॅनलची बाई आली. हुशार होती, मनापासून बोलत होती. नदीवरचं रेकॉर्डिंग ऐकून तिच्या डोळ्यांत पाणी आलं. मग म्हणाली, "सुरुवातच पोलिसापासून करा. त्याच्याभोवती सगळी फिल्म बांधा. देशभर दाखवू."

नाहीदचं नाव होण्याचा तो रस्ता होता, हे आम्हा तिघींनाही कळत होतं.

"तो माणूस माझ्या आईच्या आयुष्यात काही मिनिटं होता," नाहीद म्हणाली. "त्यातही तिनं त्याला खाऊ घातलं. फिल्म तिची आहे. त्याच्याभोवती नाही बांधणार."

"विचार करा," ती बाई उठताना म्हणाली. नाहीदनं विचार केला. ती किती अस्वस्थ होती ते मी पाहिलं आहे. आठवडाभर तीच तीच जागा कापत होती, जोडत होती. शेवटी तिनं पोलिसाचा आवाज पूर्ण काढला. पडदा काळा होतो. नदी ऐकू येते. आणि मेहरी खानम विचारतात. चॅनलनं नकार कळवला.

ती फिल्म मोठ्या पडद्यावर फारशी लागली नाही. कॉलेजांतून, ग्रंथालयांतून, चर्चच्या तळघरातल्या सभागृहांतून फिरली. पहिल्यांदा दाखवली तेव्हा काळ्या पडद्यापाशी माझ्या पुढच्या रांगेतल्या एका म्हाताऱ्या माणसानं टोपी काढून मांडीवर ठेवली. नंतर कळलं, तो पोलंडचा होता, त्याचंही गाव युद्धात गेलेलं. शेवटच्या नावांत "आवाज" या शब्दापुढे माझं नाव आलं. मिलिंदनं माझा हात इतका दाबला की बांगडी रुतली. नाहीदला त्या फिल्मच्या जोरावर सांता क्लाराकडच्या एका कॉलेजात कायमची नोकरी मिळाली आणि ती देशाच्या दुसऱ्या टोकाला निघून गेली. मला वर्क परमिट आल्यावर मीही एका कॉलेजच्या ध्वनिशाळेत लागले. फ्रिजकडे लक्ष जाईनासं झालं.

दोन हजार आठच्या वसंतात, एका सकाळी, मी डबा भरत असताना फोन वाजला. लाइनवर खरखर, मग मागे कोंबड्यांचा कलकलाट, मग नाहीद.

"मी बाममध्ये आहे."

मी खुर्ची ओढून बसले.

ती बोलत सुटली. विमानतळावर किती वेळ थांबवलं, टॅक्सीवाल्यानं तिची फारसी ऐकून तिला पाहुणी ठरवलं आणि दुप्पट रस्ता कसा फिरवला. गाव अर्धं नवं आहे, अर्धे लोक अजून पत्र्याच्या घरांतून राहतात. त्यांची गल्ली तिला सापडेना. कॅमेरा पिशवीत होता, तो काढावासा वाटेना. ती एका पत्र्याच्या घरापुढे घुटमळत राहिली. दारात एक बाई तांदूळ निवडत बसली होती. तिनं मान वर केली आणि विचारलं, तू कुणाची मुलगी?

नाहीद इंग्रजीत सांगत होती, पण माझ्या कानांत ते आत्याच्या गावातल्या बायकांच्या आवाजात उमटलं. कोणाची गं तू?

"इतकी वर्षं मला सगळे विचारतात, तू कुठली," नाहीद म्हणाली. "त्याचं उत्तर द्यायला मी फिल्मवर फिल्म करत बसले. हे मला कुणी विचारलंच नव्हतं."

"मग तू काय सांगितलंस?"

"म्हटलं, मेहरी खानमची. भूगोलाच्या बाईंची." ती थांबली. पलीकडे कुणीतरी तिला हाक मारत होतं, भांड्यांचा आवाज येत होता. "तिनं तांदळाचं ताट खाली ठेवलं, वैशाली. उठून उभी राहिली. वर्गात बाई आल्यावर मुली उभ्या राहतात ना, तशी. आणि म्हणाली, मग बाहेर काय उभी राहिलीस? आत ये."

"मग?"

"मग काय," नाहीद म्हणाली, "गेले आत."